खंडेनवमीचा रॅक

२३ सप्टेंबर
काय वैताग आहे! आज पुन्हा हॉस्पिटलचं नेट पडलं. सर्व्हर रूममधला रॅक उघडला, तर आत निळ्या वायरींचं हे जंजाळ – कोणती ओपीडीची, कोणती एक्स-रेची, कुणालाच ठाऊक न्हाई. आधीच्या लोकांनी नुसत्या खुपसून ठेवल्यात! राधेश्याम सर, आमचे मॅनेजर, सगळ्यांसमोर म्हणले, "मोनिका, आता एकदा जरी नेट बंद पडलं ना, तर कुणाला तरी घरी बसावं लागेल."

कुणाला तरी म्हणजे कुणाला, ते मला कळतं. टेम्पररी कोण आहे इथं? मीच.

२४ सप्टेंबर
प्रत्येक वायरीला लेबल लावू द्या म्हणलं. सर हो म्हणले, पण नेट बंद न करता! चालत्या गाडीचं चाक बदला म्हणे.

२८ सप्टेंबर
रविवारी पण ड्यूटी. एकेक वायर हुडकून दोन्ही टोकांना लेबल लावून राह्यले. मान धरली. झाडू-फरशीवाल्या चांगुणामावशी दारात येऊन म्हणल्या, "पोरी, जेवली का न्हाई?" जेवण कुठलं!

३० सप्टेंबर
झालं!! सगळी लेबलं लागली. उद्या खंडेनवमी, परवा दसरा – दोन दिवस सुट्टी. आल्यावर वायरी नीट वळवून बांधायच्या, की सुटले.

३ ऑक्टोबर
डोकं फुटायची वेळ आली. रॅकवर झेंडूचा हार, सगळ्या वायरी जिथं खोचल्यात त्या नेटच्या स्विचवर हळदीकुंकवाची बोटं – आणि लेबल एक न्हाई! बिलकुल एकही न्हाई! मावशींनी पूजेसाठी रॅक लख्ख पुसला आणि लेबलं सोलून काढली.

"पूजेच्या वस्तूवर कागदाचे तुकडे कसे ठेवू, बाई? आणि सरच म्हणल्ते, मोठे डॉक्टर पूजेला येऊन राह्यले, एक चिटोरं दिसायला नको."

ओरडले मी त्यांच्यावर. मंग त्यांचा चेहरा पाहिला आणि आवाज खाली आणला.

४ ऑक्टोबर
व्हायचं तेच झालं. स्विचचं एक पोर्ट, म्हणजे वायर खोचायचं भोक, गेलं; बिलिंग बंद. वायर दुसऱ्या पोर्टमध्ये टाकायची – पण बिलिंगची कोणती? घाईत ओढली ती एक्स-रेची निघाली! पेशंटची ही लाईन, नातेवाईक अंगावर येऊन राह्यले.

सरांनी केबिनमध्ये बोलावलं. "लेबलं कुणी काढली?"

तुम्हीच सांगितलं होतं की, हे पार जिभेवर आल्तं. त्यांना पण ठाऊक होतं. आणि तोंडातून निघालं काय – "चांगुणामावशींनी."

माझ्या तोंडून! सर म्हणले, "बस, एवढंच पाहिजे होतं."

माझीच मला चीड येऊन राह्यली.

६ ऑक्टोबर
मावशींच्या जागी नवीन बाई आली. सर म्हणले, "मोनिका, हिला समजावून सांग, कशाला हात लावायचा न्हाई ते."