जोडनाव नसलेली गेडिस

मंगळवार, ६ मे

सुकाणू माझ्याकडे! जीना आज मी काम करते त्या औषधांच्या दुकानात आली आणि रांगेत उभी राहून सगळ्यांसमोर म्हणाली, "तू बारीक आहेस, आणि तुझा आवाज धक्क्याच्या त्या टोकाला जातो. रेगट्टाच्या शर्यतीत सुकाणूवर तूच." माझ्या हातात खोकल्याची बाटली होती. खाली ठेवली, पुन्हा उचलली, तिच्यावरचं नाव पुन्हा वाचलं. आनंदात चुका होतात.

वल्ह्यांवर चौघी – जीना गेडिस 'राजा', बेथिया गेडिस 'गाजर', आणि दोघी जेसी गेडिस, एक 'बिशप', एक 'शेपूट'. पाचवी मी. लग्नापासून मीही गेडिसच, फक्त माझ्यापुढे काही नाही.

बुधवार, ७ मे

कालचं शेवटचं वाक्य वाचलं. कुरकुर वाटते. पण खोटं नाही.

या गावात गेडिस हे आडनाव म्हणजे जवळजवळ काहीच नाही. बेकरी गेडिसची, गल्ली गेडिसची, लाइफबोटीवरचे सगळे गेडिस. फुटबॉलच्या सामन्यात 'गेडिस, पास दे!' अशी हाक आली की नऊ जण वळतात. म्हणून जोडनावं. आजोबांचे केस तांबडे होते म्हणून घर 'गाजर'. पणजोबा उपदेश करायचे म्हणून 'बिशप'. मतदारयादीतसुद्धा पूर्वी जोडनाव छापायचे म्हणे. आमच्या कंपनीच्या संगणकात मात्र त्याला जागा नाही, म्हणून मी औषधाच्या पिशव्यांवर पेन्सिलीने लिहिते. हिवाळ्यात एका जेम्सची रक्तदाबाची गोळी दुसऱ्या जेम्सच्या पिशवीत गेली होती. दारातून परत बोलावलं त्याला. तेव्हापासून प्रत्येक पिशवी दोनदा वाचते.

इथे बायका लग्नानंतरही माहेरच्या नावानेच ओळखल्या जातात. माझं माहेरचं नाव रॉस. आणि रॉस हा शब्द या किनाऱ्यावर बोटीजवळ उच्चारायचा नाही! चुकून कुणी उच्चारलाच, तर लोखंडाला हात लावून म्हणायचं – थंड लोखंड. का, ते कुणालाच सांगता येत नाही. कुठल्याशा रॉसला कुठल्याशा बोटीवर घेतलं आणि बोट परतली नाही, एवढंच.

तर मला हाक कशी मारायची? नुसतं मुरिएल पुरत नाही, मुरिएल गेडिस माझ्याशिवाय आणखी तिघी आहेत. अठरा वर्षं सासूबाई मला 'अगं' म्हणतात.

शुक्रवार, ९ मे

पहिला सराव. हातांना फोड नाहीत (सुकाणूवालीला कुठून येणार!), पण घसा गेला. नाव सुरीसारखी पाणी चिरत गेली. गावकऱ्यांनी दोन हिवाळे खपून ही नाव बांधली, आणि आज पाणी नुसतं तिला वाट देत होतं. मी ओरडत होते आणि हसत होते. सेहेचाळीस वर्षांची बाई!

नावेत सगळ्या मला 'ए सुकाणू' म्हणतात. चालेल.

शनिवार, १० मे

चालणार नाही म्हणे.

जिमी 'राजा', जीनाचे वडील. नाव त्यांच्याच देखरेखीखाली बांधली गेली. सकाळी बेकरीत मी बटरी, म्हणजे इथले खारे लोणीपाव, घ्यायला उभी होते. ते दारात जीनाशी बोलत होते, मी आत आहे हे त्यांना दिसलं नव्हतं.

"नावेत ती नको."

"कोण ती, अप्पा?" जीना मुद्दाम.

"ती."

"नाव घ्या ना. तोंड भाजेल का?"

म्हाताऱ्याने दाराची लोखंडी कडी घट्ट धरली. "पोरी, मी सत्तर वर्षं समुद्रावर काढली ती तोंड सांभाळून."

"आणि मी ती नाव वल्हवणार आहे. तुम्ही नाही."

मग त्यांना मी दिसले. टोपी काढली त्यांनी! माणूस वाईट नाही. म्हणूनच जास्त लागलं. मी बटरी न घेताच घरी आले, आणि मग तेवढ्याचंच वाईट वाटत राहिलं, कारण गरम होत्या.

रविवार, ११ मे

भावाशी फोनवर बोलले. माहेरी, टेनमध्ये, आम्ही रॉस म्हणजे इथले गेडिस! शाळेत आमच्या बाकावर तिघी रॉस होत्या, मास्तरही रॉस. जिल्ह्याचं नाव रॉस, उमरावकीचा किताब रॉस, दक्षिण ध्रुवापाशी तर एक अख्खा समुद्र रॉस! भाऊ म्हणाला, "त्या जिमीला सांग, समुद्राला आमचं नाव आहे, त्याने कशाला हात लावायचा?" खूप हसलो.

फोन ठेवल्यावर वाटलं, मला कुणावर मात करायची नाहीये. मला फक्त हाक हवी आहे.

सोमवार, १९ मे

सोमवार, बोटी सुटायचा दिवस. दुकान उघडताच पेपरमिंटच्या गोळ्यांची गिऱ्हाइकं. एकेक तांडेल येतो, एक पुडी घेतो आणि बंदराकडे जातो. डॉड गेडिस 'उद्या' (आजोबा सगळं काही उद्यावर टाकायचे) तर एकही सोमवार चुकवत नाही. पुडी काउंटरवर ठेवली तर उचलत नाही, माझ्या हातातूनच घेतो, बोटांना बोटं लागतील अशी. सगळेच तसे. जुन्या वळणाची माणसं. पूर्वी मी बकी गावच्या दुकानात होते, तेव्हा गिऱ्हाईक वर बघायचंसुद्धा नाही.

गोळ्या मागवायला हव्यात, संपत आल्या.

शनिवार, ३१ मे

जिमींनी हार मानली! म्हणजे अर्धी. जीनाचा निरोप: "बसेल तर बसू दे. पण ते नाव नावेत घ्यायचं नाही, आणि धक्क्यावरही नाही."

मी म्हटलं, कबूल. मग बेथियाला आठवलं. रेगट्टाच्या दिवशी प्रत्येक नाव पाण्यात उतरण्याआधी तिच्यातल्या सगळ्यांची नावं भोंग्यावरून पुकारली जातात, जोडनावांसकट. आमची नावं पुकारणार कोण? जिमी 'राजा'.

"मग माझं काय पुकारणार?"

जेसी 'शेपूट' बुटाची नाडी बांधायला वाकली. तिच्या बुटांना नाड्या नाहीत, रबरी बूट आहेत.

नुसतं 'मुरिएल गेडिस' म्हटलं तर अख्ख्या धक्क्याला कळेल की ही कुणाचीच नाही. रॉस तर शक्यच नाही. तिसरं काही माझ्याकडे नाही.

सोमवार, २ जून

जोडनाव मागून मिळत नाही. स्वतःचं स्वतः ठेवता येत नाही. ते लोक ठेवतात, पाठीमागे, आणि तोंडावर सहसा कुणी म्हणत नाही. हे सगळं मला माहीत आहे. तरी आज कामाच्या वेळात मनातल्या मनात चार नावं ठेवून पाहिली स्वतःला. लाज वाटली. एकही शोभेना, हेही खरं.

मंगळवार, ३ जून

नवऱ्याचा, अलेकचा, बोटीवरून फोन. समुद्रातल्या पवनचक्क्यांच्या कामावर अजून बारा दिवस. मी सरळ विचारलं, "अलेक, मला जोडनाव आहे का?"

"आँ?"

"लोक माझ्या मागे मला काही म्हणतात का?"

"लाइन खराब आहे गं, ऐकू येत नाही."

"मग मी विचारलं ते कसं ऐकू आलं?"

"वारा आहे. ठेवतो!"

वारा! आवाज शेजारच्या खोलीतून यावा इतका स्वच्छ येत होता. म्हणजे आहे! काहीतरी आहे! आणि ते चांगलं नाही, नाहीतर सांगितलं असतं. रात्रभर 'चरबी'पासून 'चष्मा'पर्यंत सगळं सुचलं.

रविवार, ८ जून

सासूबाईंकडे जेवण. हॅडॉकचं सूप. मी आत गेले आणि नेहमीप्रमाणे त्यांनी शेगडीजवळची लोखंडी सळई हाताशी घेतली, क्षणभर धरली, ठेवली. अठरा वर्षं हे बघते आहे. मी रॉस घरात आल्याची आठवण. आज पहिल्यांदा विचारावंसं वाटलं. विचारलं नाही. सूप फार छान झालं होतं, आणि त्यांनी माझ्या वाटीत मासा जास्त घातला होता. या दोन गोष्टी एकाच बाईच्या कशा?

कदाचित मीच हिशेब चुकीचा मांडते आहे.

रविवार, १५ जून

अलेक आला. विषय काढला की भांडी घासायला उठतो. घर इतकं स्वच्छ कधी नव्हतं!

गुरुवार, १९ जून

शेवटचा सराव. आम्ही उडत होतो! परतताना धक्क्यावर जिमी एकटेच उभे. दोर टाकला तो त्यांनी झेलला. माझ्याकडे बघून मान हलवली, एकदा. जीना म्हणाली, "अप्पांची ही मान म्हणजे दुसऱ्याचं तासभराचं भाषण."

शुक्रवार, २० जून

ठरवलं. नुसतं 'मुरिएल गेडिस' पुकारलं तरी मी मान वर ठेवून बसणार. सुकाणू धरायला जोडनाव लागत नाही.

हे लिहून बघितलं. खरं वाटत नाही, पण झोप येईल एवढं पुरे.

शनिवार, २१ जून

कुठून सुरुवात करू! क्रमाने लिहायचा प्रयत्न करते.

धक्का माणसांनी भरलेला. शेजारच्या कलन गावाची नाव, बँफ गावाची नाव, आमची. ऊन! सासूबाई खुर्चीवर, मांडीवर घोंगडी, अलेक शेजारी. जिमी भोंग्याजवळ, लग्नाला घालतात तो कोट घालून.

"जीना गेडिस – राजा!" टाळ्या. "बेथिया गेडिस – गाजर!" टाळ्या, शिट्ट्या. "जेसी गेडिस – बिशप! जेसी गेडिस – शेपूट!" कुणीतरी ओरडलं, "शेपूट हलव!" सगळे हसले.

"आणि सुकाणूवर..."

थांबले. भोंगा खरखरत होता. मी पाण्याकडे बघत होते.

"मुरिएल गेडिस – लोखंड!"

आणि धक्का गरजला! मला वाटलं दुसऱ्या कुणासाठी. पण सगळे माझ्याकडे बघत होते, पोरंसुद्धा, आणि 'लोखंड! लोखंड!' अशी हाक लावली होती. एकालाही नाव नवीन नव्हतं. कुणी शेजाऱ्याला विचारलं नाही की ही कोण. म्हणजे माहीत होतं. सगळ्यांना. कधीपासून!

मग शर्यत. पहिल्या वळणाला कलनवाल्या पुढे होत्या, दुसऱ्या वळणाला मी आतून घेतलं – वेडेपणा, खडक तिथेच आहेत! – आणि बाहेर पडलो तेव्हा आमच्यापुढे फक्त पाणी. बँफने शेवटी गाठलं. दुसऱ्या आलो! अर्ध्या नावेने हरलो आणि जिंकल्यासारख्या रडलो. जिमींनी मला हात देऊन वर ओढलं. "खडकाजवळून गेलीस," एवढंच म्हणाले. रागाने की कौतुकाने, अजून कळलेलं नाही.

रविवार, २२ जून

जरा शांतपणे. लोखंड म्हणजे काय? माझ्या नावावरचा उतारा. मी आले की लोक ज्याला हात लावतात ते. म्हणजे मी अपशकुन, आणि त्याच्यावरून माझी चेष्टा. काल मी कशाला रडले?

अलेक म्हणाला, "सगळ्यांना माहीत होतं. तोंडावर कसं म्हणणार?"

"ठेवलं कुणी?"

"आईला विचार. मी भांडी घासतो."

गेले. सासूबाईंनी सळई घेतली, धरली, ठेवली. मी उभ्यानेच विचारलं.

"मी ठेवलं," त्या म्हणाल्या. "तुमच्या लग्नाच्या दिवशी. चर्चच्या दारात बायका कुजबुजायला लागल्या, ती अमुक आडनावाची या घरात आली म्हणून. सगळ्यांचे हात कडीवर. मी म्हटलं, कडी सोडा गं. ही आमची लोखंड. हात लावायचा तर हिला लावा."

"मग तुम्ही मला कधी त्या नावाने हाक का मारली नाही?"

"तोंडावर जोडनाव म्हणतात का कुणी? एवढी शिकलेली तू." मग सळईकडे हनुवटीने दाखवलं. "मी तर रोज म्हणते. तू आलीस की."

सूप वाढताना म्हणाल्या, "लोखंडाला हात कशाला लावतात, ते तरी माहीत आहे का तुला? सुखरूप परत यावं म्हणून. बस आता. सूप गार होतंय."

सोमवार, २३ जून

दुकान उघडलं. डॉड 'उद्या' आला, बोट सुटायची घाई. मी पेपरमिंटची पुडी काउंटरवर ठेवली.

उचलली नाही. उभाच राहिला, टोपी हातात.

मी पुडी उचलली आणि हात पुढे केला.