फळ्यावरचं ते वाक्य

बाई, तुम्हाला जाऊन बरीच वर्षं झाली आणि आज मी तुमच्यावर चिडले आहे.

आठवीचा वर्ग. मी कशावरून तरी खो-खो हसते आहे. तुम्ही मला उभं करता, फळ्यावर 'अनबिकमिंग' लिहिता. अर्थ, न शोभणारं. मग वाक्य करून दाखवता: मुलीने मोठ्याने हसणं अनबिकमिंग आहे. मुलगेही फिदीफिदी हसत होते, त्यांना कोणी उभं केलं नाही. त्या दिवसापासून मी तोंडावर हात धरून हसते. घरी आईला शब्द सांगितला तर म्हणाली, "हे तर मी रोजच सांगते. त्याला इंग्रजी कशाला लागतंय?"

आता मी सिन्नरला कारखान्यात आहे, ऑफिसात. काल कॅन्टीनच्या रांगेत आमच्या मॅनेजरांनी एका नव्या मुलीच्या पाठीवर हात ठेवला. "घे गं, लाजतेस काय?" ती अंग चोरून उभी, हात तिथेच. मी ओरडले, "साहेब, आधी हात काढा!" आज एचआरच्या मॅडमनी केबिनमध्ये बोलावलं आणि तुमचाच शब्द काढला. माझा आवाज अनबिकमिंग होता.

"उद्या जेवणाच्या सुट्टीत सगळ्यांसमोर सॉरी म्हण. विषय संपला."

"आणि साहेबांचा हात?"

"अगं, वडिलांसारखे आहेत ते."

घरी येऊन तुम्ही बक्षीस दिलेली डिक्शनरी उघडली. पदाला, प्रसंगाला न शोभणारं, एवढाच अर्थ आहे. मुलगी त्यात कुठेच नाही, बाई. ती तुम्ही घातलीत! आणि त्याच तुम्ही बाबांना म्हणालात, "हिला कॉलेजात घाला, नाहीतर तुमच्या ओट्यावर येऊन बसेन." आमच्या घरातली पहिली पदवी त्या धमकीमुळे आली. धड रागावूही देत नाही तुम्ही.

उद्या मी सॉरी म्हणणार नाही. तुमचंच वाक्य म्हणेन, मुलीच्या जागी मॅनेजर आणि हसण्याच्या जागी त्यांचा हात घालून, सगळ्यांना ऐकू जाईल असं. नोकरी बहुतेक जाईल. बाबा बाहेरच्या खोलीत माझ्या उद्याच्या ड्रेसला इस्त्री करताहेत, त्यांना अजून सांगितलेलं नाही. आणि हे कुठे पाठवायचं नाही म्हणून लिहिते: मघापासून आरशासमोर ते वाक्य म्हणून बघतेय, दर वेळी हात तोंडावर जातो.