तुझ्या अक्षरातली कार्डं

ता. ९ नोव्हेंबर

प्रिय ताई,

सलाम. आम्ही इकडे ठीक. तू कशी आहेस हे विचारत नाही, कारण तू ‘बरी आहे’ म्हणणार आणि मला ते खरं मानून गप्प बसावं लागणार.

ह्यांचा गुडघा अजून कुरकुरतो, पण त्याहून जास्त हेच कुरकुरतात. दुकानात शिलाईच्या कामाचा ढीग पडलाय. काल एक गृहस्थ पँट कमरेत सैल करायला घेऊन आले. म्हणे, धुऊन आटली. मी म्हटलं, हो, हल्ली सगळ्यांच्याच आटतात. भाऊजी असते तर हा किस्सा त्यांना लगेच फोन करून सांगितला असता. सवयीने फोन हातात घेतलाही होता.

असो. परवा तू ‘येऊ नकोस’ म्हणालीस आणि फोन ठेवून दिलास. तुझ्याशी वाद घालून आजवर कोण जिंकलंय? म्हणून लिहायला बसले. पत्र तू मध्येच टाकून देणार नाहीस, तुला काही अर्धवट ठेवायची सवय नाही.

पाळकसाहेब मंगळवारी दुकानात आले होते, कोटाचं बटण लावून घ्यायला. बटण चांगलं घट्ट होतं. मी ते उसवलं आणि परत लावलं, तेवढ्या वेळात ते बोलले. भाऊजी गेल्यावर तू चर्चमधल्या समुपदेशनाच्या खोलीची किल्ली परत दिलीस म्हणे. तिथे पुन्हा सभागृहाच्या खुर्च्या रचा म्हणालीस, मला आता कुणाला काही सांगायचं नाही. उपासनेला येत नाहीस. दारही उघडत नाहीस, कारण जो येतो तो कार्ड घेऊन येतो.

कार्डं तुझीच गं. खोलीतून उठून जाणाऱ्या प्रत्येकाला तू आठवडाभर जवळ ठेवायला बायबलातलं एक वचन लिहून द्यायचीस, ती. लोकांनी ती इतकी वर्षं जपलीत, कुणी पाकिटात, कुणी कपाटाच्या दाराला आतून चिकटवून. आणि आता, ‘ताई, आमच्या वाईट दिवसांत हेच कामी आलं, आता तुम्हाला लागेल,’ म्हणून परत आणून देतायत. कुणाच्या मनात वाईट नाही. पण तुझ्या टेबलावर तुझ्याच अक्षरातला गठ्ठा झालाय. तो दाखवून तू पाळकसाहेबांना म्हणालीस, ‘अक्षर मात्र चांगलं आहे माझं.’ हे सांगताना त्यांचे डोळे भरून आले आणि मी सुई बोटात खुपसून घेतली.

किती खटपटीने उभं केलं होतंस ते सगळं! आधी बायका तुला उपासनेनंतर जिन्याखाली गाठायच्या. मग तू ते शिक्षण घेतलंस, माणसाचं दुःख कसं ऐकायचं आणि त्याच्याबरोबर बसून पवित्र शास्त्र कसं उघडायचं. मग अडगळीची खोली रिकामी झाली आणि भाऊजींनी आपल्या सुतारकामातून वेळ काढून दोन खुर्च्या केल्या, अगदी एका उंचीच्या. सांगणाऱ्याने मान वर करून का बोलायचं, म्हणायचे. आणि वर मला डोळा मारून, ‘तुझी ताई साऱ्या जगाचं ऐकते, मला मात्र कान साफ करून ये म्हणते.’ तू लाटणं उगारायचीस.

हे काम सोडू नकोस, असं सांगायला मी लिहीत नाही. ते तुझं तू बघ. मला दुसरंच लिहायचंय आणि मघापासून मी बटणं नि पँटी सांगत बसलेय.

माझ्याकडेही तुझं एक कार्ड आहे. आपण त्याबद्दल कधी बोललो नाही. त्यानंतर मी तुझ्याशी भाजीचे भाव नि ह्यांचे गुडघे यापलीकडे काही बोललेच नाही. तू लाडाच्या नावाने हाक मारलीस तेव्हा तोडून टाकलं, आता ते नाव पुरे, मी मोठी झाले. तू पुन्हा ते घेतलं नाहीस.

माझी मुलगी गेली त्या सकाळी तू हॉस्पिटलात आलीस. पुरता एक दिवसही जगली नाही बिचारी. नर्सने तिला दुपट्यात गुंडाळून माझ्याजवळ दिली होती. मी तिला तुझ्यापुढे धरली, घे म्हटलं. तू घेतलं नाहीस. तुझ्या एका हातात बायबल होतं आणि दुसरा हात पान शोधत होता. देव सगळ्यातून भलंच करतो, अशा अर्थाचं वचन तू वाचलंस, प्रार्थना केलीस, उशीपाशी कार्ड ठेवलंस आणि गेलीस. तू दाराबाहेर पडलीस तरी माझे हात तसेच पुढे होते.

मला राग आला गं ताई. अजून आहे, खोटं कशाला बोलू? वचनाचा नाही. ते मी नंतर पुष्कळदा वाचलं, कधीकधी त्याचा आधारही वाटला. पण त्या सकाळी मला माझी बहीण हवी होती. या कामाला येणाऱ्या नव्या मुलींना तूच शिकवतेस ना, आधी ऐका, मग पान उघडा, प्रभूसुद्धा मित्राच्या कबरेपाशी आधी रडला? मग माझ्या वेळेला कुठे गेलं होतं ते?

पुढचं भाऊजींनी तुला सांगितलं नसणार. दुपारी ते आले. तिच्या दफनाची पेटी तेच करणार होते. म्हणाले, ‘माप घ्यायचंय, जरा दे तिला माझ्याकडे.’ एवढ्याशा जिवाचं कसलं माप! पट्टी तर खिशातून काढलीच नाही. तिला घेऊन खिडकीशी बसले आणि खालचा रस्ता दाखवत राहिले. ती बघ बस आली, तो बघ टोपीवाला, कुत्र्याने त्याची पिशवी ओढली बघ. बराच वेळ. मग हुंदके देऊन रडले.

तिला माझ्याकडे देताना म्हणाले, ‘ताईवर रागावू नकोस. ती घाबरली की पान शोधते. सकाळपासून स्वयंपाकघरात जमिनीवर बसलीय, उठवलं तरी उठत नाही.’

मला हे तेव्हापासून ठाऊक आहे. तरी मी आले नाही, तूही आली नाहीस, आणि आपल्या दोघींच्या मध्ये भाऊजी होते तेही आता गेले. आमच्या दोघांखेरीज माझ्या मुलीला उचलून घेणारं घरातलं ते एकच माणूस. ती किती हलकी होती हे आता मी कुणाला विचारू? मला त्यांच्यासाठी पोटभर रडायचंय, ताई. ते मी तुझ्याशिवाय कुणाजवळ रडू?

म्हणून तू नको म्हणालीस तरी शनिवारी दुपारच्या बसने मी येतेय. बोलायचं नसेल तर बोलू नकोस. देवाशी भांडायचं असेल तर मोठ्याने भांड, मी मध्ये बोलणार नाही. बायबलातली निम्मी स्तोत्रं तक्रारीचीच आहेत, हे तूच मला दाखवलं होतंस. आणि पाळकसाहेबांना मी बजावलंय, काय रचायचं ते रचा, पण भाऊजींच्या दोन खुर्च्यांवर काही ठेवाल तर याद राखा. माझा आवाज ऐकून दुकानातली गिऱ्हाइकं चपापली.

तुझ्यासाठी काही आणणार नाही, आधीच सांगते. डबा नाही, पुस्तक नाही. माझं कार्डही घरीच राहील, ते माझं आहे, मी परत देणार नाही. दोन्ही हात रिकामे घेऊन येतेय.

दार वाजलं की तू आतूनच विचारशील, कोण आहे. तेव्हा जे सांगणार आहे तेच खाली लिहिते. ते नाव ऐकून तरी कडी काढ.

तुझी
भिंगरी