थट्टेच्या नात्यात अडकलेला चित्रपट

प्रति,
मा. श्री. झुंग्राना,
चित्रपट परवाना अधिकारी,
प्रादेशिक परवाना कार्यालय, तुगान, बुर्किना फासो.

विषय : ज्याच्यावर मला रागावता येईल अशा अधिकाऱ्याकडे माझी फाईल वर्ग करणेबाबत.
संदर्भ : माझे यापूर्वीचे सर्व अर्ज, ज्यांवर आपण चहाचे ग्लास ठेवता.

महोदय,

१. मी क्लेमाँ तोए, चित्रपट दिग्दर्शक, राहणार तुगान. लग्नांचे चित्रीकरण केले, हातपंप कसा वापरावा याच्या सरकारी फिती काढल्या, वडिलांचे बैल विकले, आणि त्यातून चार चित्रपट उभे केले. युरोपात ते दाखवले गेले. तिथे एका बाईंनी मला विचारले, यात हत्ती का नाहीत? तेही ऐकून घेतले, कारण कधीतरी आपल्या गावात आपल्या माणसांसमोर एक तरी खेळ लागेल अशी आशा होती. तो आजतागायत लागलेला नाही.

२. 'फुकटचा पाहुणा' हा माझा चौथा चित्रपट, ज्याच्या खेळाचा परवाना आपल्या टेबलावर अडकला आहे. ज्वारीची दारू विकणारी एक विधवा रोज फुकट ढोसणाऱ्या सरकारी साहेबाला अंगणातून हाकलते, एवढीच गोष्ट. हा साहेब आपल्यावर बेतला आहे असा आपला आक्षेप, तोही चित्रपट न बघता. ते काम माझ्या मेव्हण्याने केले आहे आणि तो आपल्यापेक्षा बराच देखणा आहे. विधवेचे काम केले आहे फेलिसिते पारे मावशींनी, ज्या खरोखरच बाजारात ती दारू विकत. अंथरुणाला खिळल्यापासून त्यांचे एकच मागणे : "मेल्या, भिंतीएवढी झालेली मी मला एकदा बघू दे. मग खुशाल पुरा."

३. आता मूळ तक्रार. आपण मोसी जमातीचे, मी सामो जमातीचा. आपल्यात पिढीजात थट्टेचे नाते. आपल्याला हे सांगायला नको, पण अर्ज वरिष्ठही वाचतील. एकाने दुसऱ्याला वाटेल ते बोलावे आणि दोघांनी हसावे. रागावेल त्याची अब्रू जाते. आपण नेमका याचाच फायदा उठवता. मी फाईलचे विचारायला आलो की आपण खुर्चीतूनच ओरडता, "आला का कुत्रेखाऊ! आज कुणाच्या कुत्र्याचं डोकं शिजवलंस रे?" सारे कार्यालय हसते. मी हसतो. मी आपल्याला गुलाम म्हणतो, आपणही हसता. फाईल तिथेच. प्रथेच्या आड लपून कामचुकारी करणारा माणूस मी प्रथमच पाहतो आहे. मला आपली किळस येते, साहेब, आणि हे तोंडावर सांगितले तरी आपण टाळीच मागता. सबब माझी फाईल अशा कुणाकडे द्यावी, की ज्याच्यावर मला एकदा तरी तोंड भरून

४. इथवर टंकले आणि पारे मावशी गेल्याचा निरोप आला. त्यांना माती देऊन आता परतलो. कागद यंत्रातच होता. नवा घालण्याची इच्छा नाही.

५. वरील मागणी मी मागे घेतो. फाईल आपल्याकडेच राहू द्या.

६. शनिवारी मावशींचा मोठा विधी आहे. सामोच्या विधीत मोसीने गेलेल्या माणसाचे कपडे घालून त्याची नक्कल करायची असते, चालणे, बोलणे, शिव्या, सगळे. पारे कुटुंबाने एकमुखाने आपले नाव घेतले, कारण तुगानात आपल्याएवढा तोंडाळ मोसी दुसरा नाही. या कामाला नकार देण्याची सोय प्रथेत नाही, हे आपण जाणता.

७. परंतु आपण मावशींना कधी पाहिलेलेच नाही. त्या फाईलमध्ये होत्या. सबब उद्या दिवस मावळताच त्यांच्या अंगणात चादर टांगून आपल्याला त्या दाखवण्यात येतील. गेलेल्या माणसाचा फोटो अंगणात लावायला परवाना लागत नाही. हा फोटो दीड तास हलतो, इतकाच फरक. सारे गाव येणार आहे. आपली खुर्ची पहिल्या रांगेत ठेवली आहे. साहेबाला हाकलतात तो भाग नीट बघून ठेवावा. शनिवारी सगळ्यांसमोर आपल्याला तोच करून दाखवायचा आहे.

आपला नम्र अर्जदार, आणि प्रथेप्रमाणे आपला मालक,
क्लेमाँ तोए
तुगान, १९ मार्च १९९८

सोबत : मावशींचा डोक्याला बांधायचा निळा रुमाल. दारूचा वास येतो. धुऊ नये.