वगळलेल्या गाण्यांतली मोकळी जागा

सोमवार, ३ तारीख
आले एकदाची! नोकरी मनासारखी, खोलीत भरपूर ऊन, आणि पलंग कुरकुरत नाही. आणखी काय हवं?
ज्यांच्या गाण्यांचं हे काम, त्या गायिका मॅडमना जाऊन सहा वर्षं झाली. त्यांच्या शेवटच्या अल्बममधून वगळलेल्या अकरा गाण्यांचे डेमो टेपवर पडून आहेत, ते कॉम्प्युटरवर उतरवायचे. स्टुडिओ त्यांच्याच घरात आहे. रेकॉर्डिस्टकाकांनी एकच नियम सांगितला: माइकवर गाण्याचा क्रमांक सांगायचा, माइक बंद करायचा, मगच टेप लावायची. सोबत गुणगुणायचं नाही. मी म्हटलं, माझा गळा ऐकून टेपच पळ काढेल. काका हसले नाहीत.
फोन एकच, स्टुडिओत, तारेचा. त्यावरून ताईशी बोलले. आईबाबांमागे आम्ही दोघीच एकमेकींना. ती म्हणाली, तुझा आवाज ऐकला की दिवसाचा शीण उतरतो.

मंगळवार, ४
सगळी गाणी दोघींनी मिळून गायची आहेत. मॅडम एक ओळ गातात, मग तेवढीच जागा मोकळी. तिथे नुसता पियानो आणि त्यांचा श्वास. काका म्हणाले, सोबत गाणारी मिळेल म्हणून त्या वर्षभर थांबल्या, पण कुणी फिरकलं नाही. मग गाणी वगळली. इतकी नावाजलेली बाई! फार वाईट वाटलं.

गुरुवार, ६
काका चार दिवसांसाठी लेकीकडे गेलेत. सकाळपासून कुणाशी शब्द बोलले नाही. भिंतीसुद्धा कंटाळल्या असतील मला.
तिसरं गाणं तोंडपाठ झालं होतं. राहवलं नाही, मोकळ्या जागेत गायले. कितीतरी दिवसांनी एकटं वाटलं नाही. नंतर पाहिलं, तर माइक चालूच राहिला होता.
कॉम्प्युटरवरचं पुसून मूळ टेप पुन्हा लावली. तिच्यावरही माझा आवाज. मी तर नुसतं वाजवायचं बटण दाबलं होतं.

शुक्रवार, ७
चौथं गाणं लावलं. ओठ घट्ट मिटून बसले. तरी त्यात मी गातेय.
घसा पार बसलाय. ताईने विचारलं, सर्दी झाली का. काकांना फोन केला. गायलीस का, म्हणाले. मी हो म्हटलं. मग म्हणाले, टेप लावू नकोस, निघ. तुझ्याआधीची मुलगी अजून वहीत लिहून बोलते.

शनिवार, ८
बॅग भरली. दारापर्यंत गेले. पण आवाज इथे सोडून कशी जाऊ? ताई मला ओळखणार कशी?
परत आले. आवाज परत मिळेल म्हणून तिसरी टेप पुसली — घशात कळ आली, उरलीसुरली कुजबुजही गेली.
पाचवी टेप आपोआप चालू झालीय. मग सहावी.

रविवार, ९
ताईचा फोन. उचलला. तोंड नुसतं उघडमीट —
स्टुडिओच्या स्पीकरमधून माझा आवाज म्हणाला, बोल ताई. ताई हसली. घसा सुटला वाटतं, म्हणाली.
तो आवाज सांगत होता, इथे फार छान आहे, सोबत आहे, तूही ये. मी टेबल बडवलं. ताईने विचारलं, कसला आवाज. तो म्हणाला, काही नाही गं —
ताई म्हणाली, आजच निघते. सांगायचं कसं? तार उपटली, तरी फोनवर ताई आणि तो आवाज बोलताहेत.
हे पान फाडून दाराला लावते. ताई, आत येऊ नकोस. मी हाक मारली तरी — ती मी नाही — ताई, ओ देऊ न