पहिलं मत डॉक्टरांना

लंडन, ऑन्टारिओ
शनिवार, २ जून २०१८

प्रिय दादा,

नमस्कार. वहिनीचा गुडघा आता कसा आहे? फिजिओने सांगितलेले व्यायाम ती खरंच करते, की तू समोर असलास की नुसती चटई अंथरते? इकडे सगळं ठीक. मागच्या अंगणात मेथी पेरली होती, ती माझ्याआधी सशांनी खाल्ली. विंटर टायर्स परवा काढून घेतले. मेकॅनिक म्हणाला, "मॅडम, यंदाच्या तुम्ही शेवटच्या."

पत्र अशासाठी की फोनवर तू अर्ध्यातच "बरं बरं" म्हणून वहिनीकडे फोन देतोस, आणि मला हे पुरं सांगायचंय.

चिलेशे म्वांबा आमच्या वॉर्डातून सिटी कौन्सिलला उभी राहतेय. हो, माझी बॉस. इतकी वर्षं मी तिच्या ऑफिसात काम करतेय आणि तू तिला एकदाच भेटलास. तिने तुला हवेबद्दल विचारलं, तू हवेबद्दल सांगितलंस, झालं. म्हणून ती कोण आहे ते आधी ऐक.

झांबियातल्या तांब्याच्या खाणींजवळच्या गावात ती वाढली. वडील खाणीत उतरायचे. लुसाकाला कायदा शिकून ती वकिली करायला त्याच गावात परत आली. बाई वकील तिथे कुणी पाहिलेली नव्हती. पहिल्या केसच्या दिवशी जजसाहेबांनी तिच्याकडे बघून विचारलं, "वकील कुठायत? बोलवा त्यांना." ही म्हणाली, "बोलावलंत, माय लॉर्ड, आणि मी आलेली आहे."

केस एका खाणकामगाराच्या बायकोची होती. नवऱ्याला पुरून घरी येते तो दिरांनी भांडी, पलंग, शिलाईचं मशीन, सगळं उचलून नेलेलं. मेलेल्या माणसाचं सामान त्याच्या माणसांचं, असंच तिथे धरून चालायचे. चिलेशेने मोठमोठी कलमं काढली नाहीत. ती एवढंच म्हणाली, की मशीन या बाईने स्वतःच्या कमाईतून घेतलंय, ते आधी परत द्या, बाकीचं मग बोलू. मशीन परत आलं. पाठोपाठ तिच्या दारात दुसऱ्या विधवा येऊ लागल्या, त्यांच्या बहिणी, त्यांच्या आया. पुढे याच बायकांनी तिला निवडणुकीला उभं केलं आणि पार्लमेंटात पाठवलं. त्या भागातून गेलेली ती पहिली बाई.

तिथे तिने खाणीत मेलेल्यांच्या भरपाईवरून स्वतःच्याच पक्षाला नको ते प्रश्न विचारले. उत्तर मिळालं नाही, ऑफिसच्या काचा फुटल्या. मग शाळेतून येणाऱ्या तिच्या मुलीला वाटेत कुणीतरी अडवलं आणि आईसाठी निरोप दिला. चिलेशेने मुलीला घेऊन देश सोडला.

इथे तिच्या डिग्रीला कुणी विचारलं नाही, पार्लमेंटला तर नाहीच. एका नर्सिंग होमच्या किचनमध्ये ती भांडी घासायची आणि उरलेल्या वेळात इथला कायदा वाचायची. सगळ्या परीक्षा पुन्हा दिल्या. पंचेचाळिसाव्या वर्षी तिशीतल्या एका वकिलाच्या हाताखाली आर्टिकलिंग, म्हणजे शिकाऊ वकिली केली, त्याची कॉफीसुद्धा आणली. मी एकदा विचारलं, "तुला राग नाही आला?" म्हणाली, "आला ना. पण रागावत बसायला वेळ लागतो, चित्रा, आणि माझी परीक्षा होती."

तर अशी आहे ती.

आता अवघड भाग. तुझे डॉक्टर मित्र दीनानाथरावही याच वॉर्डातून उभे राहताहेत, हे तुला माझ्याआधीच माहीत असणार. त्यांची पत्रकं तू तिकडे मार्कहॅमला छापून घेतोयस असं त्यांच्या घरी नीलिमावहिनी म्हणाल्या. तुमची मैत्री मला काय नवी आहे? विक्रम गेले, मी एकटी राहिले, तेव्हा हॉस्पिटलचं सगळं दीनानाथरावांनीच निभावलं, तेही मी विसरलेली नाही. तरीसुद्धा चिलेशेचा प्रचार मी चालवणार आहे. पत्रकं वाटणार वगैरे नाही. चालवणार आहे. दुसऱ्या कुणाकडून कळून तुला वाईट वाटू नये, म्हणून मीच लिहिलं.

तू रागावणार. रागाव. पण पत्र टाकून देऊ नकोस.

तुझी,
चित्रा


लंडन, ऑन्टारिओ
बुधवार, २४ ऑक्टोबर २०१८

प्रिय दादा,

नमस्कार. उन्हाळाभर तू माझ्याशी बोलला नाहीस, पण वहिनी ग्रोसरीला जायच्या निमित्ताने पार्किंग लॉटमधून फोन करते. तेव्हा गुडघा बरा आहे हे कळलंय. भाजणी दळून आणलीय. यंदा चकल्या मऊ पडल्या तर कुणाला सांगू नकोस.

निकाल तू ऐकलाच असशील. तरी कसं झालं ते माझ्याकडून ऐक.

आपल्या मराठी मंडळाच्या हॉलमध्ये सगळ्या उमेदवारांना बोलावलं होतं त्या दिवशी तू मागे भिंतीला टेकून उभा होतास. चारुदत्त मंडळाचा अध्यक्ष, त्याला स्पष्ट बोलायची हौस. त्याने माइक घेऊन विचारलं, "मॅडम, आमच्यातले डॉक्टर उभे असताना आम्ही तुम्हाला मत का द्यावं?" मला वाटलं, आता ही पार्लमेंट काढणार आणि सगळे जांभया देणार.

ती म्हणाली, "देऊ नका. पहिलं मत तुमच्या डॉक्टरांनाच द्या. अर्ध्या हॉलला त्यांनी बरं केलंय. माझा खांदासुद्धा त्यांनीच बरा केला. पण यंदा मतपत्रिकेवर तीन पसंती द्यायच्यात. दुसरी तुम्ही कुणाला देणार होता?"

कुणी ठरवलंच नव्हतं! आधी पुढच्या रांगेत हसू फुटलं, मग सगळीकडे, आणि सगळ्यांत मोठ्याने हसले ते दीनानाथराव. मग तिने त्या उंच इमारतीतल्या बंद लिफ्टबद्दल सांगितलं. डायलिसिसला जाणारे एक आजोबा तिथे सातव्या मजल्यावर राहतात आणि बसून बसून जिने उतरतात. आपल्यातल्या चार घरांना ती लिफ्ट माहीत होती. ती लोकं मान हलवायला लागली.

तू चहाच्या आधीच निघालास. मी तुझ्यामागे पार्किंगपर्यंत धावत आले होते. तू वळून पाहिलं नाहीस, की पाहूनही गाडी काढलीस, कोण जाणे.

सोमवारी मोजणी झाली. बिल्डर लोकांचा माणूस पहिला, चिलेशे दुसरी, दीनानाथराव तिसरे. निम्म्याच्या वर कुणीच नाही. मग मंगळवारी खालच्या उमेदवारांना एकेक करून बाद केलं आणि त्यांच्या मतांवरची पुढची पसंती मोजली. दीनानाथरावांची मतं वाटली गेली, तशी चिलेशे पुढे सरकली. सरकली ती सरकलीच. ऑफिसात आम्ही सगळे ओरडत होतो. तिने आकडा ऐकला, चष्मा पुसून परत लावला आणि म्हणाली, "छान. आता ती लिफ्ट." मग मात्र माझा हात धरून टेबलाभोवती अशी नाचली की खालच्या दुकानातला माणूस वर बघायला आला.

दुपारी दीनानाथराव पेढे घेऊन आले. हरलेला माणूस पेढे आणतो, दादा! चिलेशेला म्हणाले, "काय मॅडम, माझी मतं नीट पोचली ना?" मी त्यांचे आभार मानायला लागले, तर मला म्हणाले, "मला कशाला? मी फक्त हो म्हटलं. घरोघरी फोन तुझ्या दादाने, उल्हासने केले. प्रत्येकाला एकच सांगायचा, पहिलं दीनानाथला, दुसरं त्या बाईंना, लिहून ठेवा, विसराल."

मी त्यांच्यासमोरच रडले. चालायचंच.

दादा, हे तू मला सांगितलं नाहीस. मीही तुला एक गोष्ट सांगितलेली नाही. सगळं लिहून झालं, आता टाळायला काही उरलं नाही, म्हणून लिहिते.

पुण्याहून एलएल.बी. होऊन मी इथे आले, तेव्हा तू एअरपोर्टवर घ्यायला आला होतास. गाडीत म्हणालास, "इथे तुझ्या वकिलीला कोण विचारतंय, चित्रे? टायपिंग शीक." तू माझ्या भल्याचंच सांगितलंस. त्या टायपिंगवर माझं घर चाललं, खोटं कशाला बोलू? पण मला ते आवडलं नव्हतं. अजिबात आवडलं नव्हतं. इतक्या वर्षांत आज पहिल्यांदा हे लिहितेय, आणि लिहून बरं वाटतंय.

गेली दोन वर्षं मी संध्याकाळच्या ज्या वर्गाला जात होते, तो योगाचा आहे असं वहिनीने धरून चाललं आणि मी धरू दिलं. तो पॅरालीगलचा वर्ग होता. परीक्षा पास झाले. ऑगस्टमध्ये लायसन्सही मिळालं. पुरी वकिली नाही ही. मोठ्या कोर्टात मला बोलता येणार नाही. पण घरमालक-भाडेकरूंच्या ट्रिब्युनलपुढे पक्षकाराच्या बाजूने स्वतः उभं राहता येतं. चिलेशेचा निम्मा वेळ आता सिटी हॉलला जाणार. भाडेकरूंच्या केसेस तिने माझ्याकडे दिल्यात. "मदतीला कुणाला देऊ का?" असंसुद्धा विचारलं नाही तिने. फायली टेबलावर ठेवल्या आणि निघून गेली.

चौदा नोव्हेंबरला पहिली सुनावणी आहे. उमा म्हणून एक बाई आहे, तान्हं मूल आहे घरात, आणि मालक गेल्या हिवाळ्यापासून हीटिंग दुरुस्त करत नाहीये. केस चांगली आहे. मी जिंकेन असं मला वाटतं. हे मी त्रेसष्टाव्या वर्षी म्हणतेय याची मला गंमत वाटते, भीती नाही वाटत.

सुनावणीला कुणीही येऊन बसू शकतं. हायवेवर बर्फ असेल, तेव्हा ये असं मी म्हणत नाही. पण आलास तर पुढे बस, मला दिसशील असा. आणि त्याआधी एकदा फोन कर. या वेळी वहिनीकडे न देता.

कोर्टापुढे उभी राहणारी,
तुझी धाकटी बहीण,
चित्रा