घरटी एक लाकूड

प्रिय उत्तरेश्वर,

लिहू लिहू म्हणत लई दिवस टाळलं. कागद घेतो आणि उठून मेंढरांच्या वाड्याकडं जातो. मेंढरं दुष्काळात विकली, तरी जातो. तुझ्या आईचं सांगायचंय, पण आधी गावाचं सांगतो.

मधे परळीला गेलतो. ठेसनावर हमाली केली, कंटाळलो. येताना केजला कंडक्टर ओरडला, "चला, कोयत्याचं गाव!" पूर्वी हुरड्याचं गाव म्हणायचे ना रे? आता तुम्ही सगळे सहकारी कारखान्यांवर ऊस तोडायला, जनावरं छावणीला, आणि घरांना कुलपं. दूध सोसायटीच्या ओट्यावर कुत्री झोपतात.

त्याच आठवड्यात तुझी आई गेली. तापानं. पहाटे पाणी मागितलं, घोट घेतला आणि संपलं. तार करायला केजला पळालो, पण तुमचा तळ कुठल्या शिवारात, कुणालाच सांगता येईना.

मयताला घरटी एक गोवरी द्यायची आपली रीत. शेण कुठलं आता? मग म्हातारी भिवराबाई कुलपाच्या दारोदार फिरली. घरधन्याला हाक मारायची, "शहादेवा, तुज्या घरचं घेते रं बाबा," आणि कुंपणाच्या कुपाटीतलं एक लाकूड उपसायची. काही दारांशी मात्र थबकली. घर कुणाचं, तिलाच आठवंना. "आसंल त्येचं आसंल," म्हणाली आणि लाकूड घेतलं.

खांद्याला मी एकटाच गडी. पायानं लंगडे भगवानराव म्हणाले, "बायांनी खांदा द्यायचा न्हाई." भिवराबाई म्हणाली, "मग बोलाव तुजे चार गडी!" ते विस्तवाचं मडकं घेऊन पुढं झाले. मागं खांद्याला मी आणि तीन म्हाताऱ्या. वाटेत भिवराबाई मला म्हणते कशी, "म्हाळ्या, भटक्या, आज तरी नीट चाल रं."

आता कशापायी लिहितोय ते. अग्नी मी दिला. भगवानराव म्हणतात, पोरगा असताना धनगराच्या हातानं झालं, अस्थी तरी पोरानंच न्याव्यात. गाडग्यात बांधून तुमच्या लिंबाला टांगल्यात. मुकादम सोडत नसंल तर लिही, मी गंगेत सोडून येतो. तू न्हाई म्हणलास तर हात लावणार न्हाई. कारखान्याच्या पत्त्यावर टाकतोय, पोचू दे देवा.

थांब, तुमच्याच दाराशी बसून लिहितोय, तर वेशीतून कुणी येतंय. अरे, तुझी सत्यभामा! एकटीच, डोक्यावर बोचकं, दिवस भरत आलेले. बाळंतपणाला सासूकडं आली असणार. लांबूनच हसत हाक मारतीय, "आत्याबाई, आले बघा!" भिवराबाई आत पाणी आणायला गेलीय. दारात मीच हाय.

तुझाच,
म्हाळू